ऑडिट उद्या आहे? घाबरू नका

कस्टमरचं ऑडिट तोंडावर आलंय आणि मशीनचं रिस्क असेसमेंट, म्हणजे कुठे काय इजा होऊ शकते याची तपासणी, केलेलंच नाही? भोसरीत गाळा असून असल्या गोष्टीला घाबरता? शेजाऱ्याकडून एक्सेल मागून घ्या, वरचं नाव बदला. गेल्या आठवड्यात माझ्यापुढे आलेल्या पॉवर प्रेसच्या, म्हणजे पत्रा दाबून कापणाऱ्या मशीनच्या, फाइलमध्ये 'चकमध्ये बाही अडकण्याचा धोका' होता. चक असतो लेथला, प्रेसला कुठून आला, हे विचारतंय कोण?

एक्सेलमधला धोक्याचा रकाना लाल झाला, तर इजेची तीव्रता पाचावरून दोनवर आणा. बोटं काय, दहा असतात.

ऑपरेटरला काही विचारू नका. तो खरं सांगेल.

मशीनच्या सुरक्षेचं मानक आयएसओ 12100 म्हणतं, धोका आधी डिझाइनमधूनच काढा, मग गार्ड लावा, तरी उरला तर सूचना द्या. आपण शेवटून सुरुवात करायची. 'सावधान'चा बोर्ड लागला की झालं.

फारच कोणी मागे लागलं, तर लाइट कर्टन बसवा, म्हणजे हात आडवा आला की मशीन थांबवणारा किरणांचा पडदा. फोटोत छान येतो. प्रेस जुनी, 'की क्लच'ची असली तरी बसवा! हा क्लच एकदा पकडला की क्रँकचा फेरा पुरा झाल्याशिवाय सोडत नाही. किरण तुटो नाहीतर मनगट, रॅम, म्हणजे वरून दाबणारा ठोकळा, खाली येणारच. मालक वर मलाच म्हणतात, "साहेब, एवढा खर्च केलाय, लो रिस्क लिहा ना." पलीकडची प्रेस फ्रिक्शन क्लचची, म्हणजे मध्येच थांबणारी. पण हिशेबात हाताचा वेग सेकंदाला 2 मीटर धरतात, थांबायला 0.2 सेकंद लागले तरी हात 40 सेंटिमीटर आत गेलेला असतो. कर्टन कुठे? डायपासून, म्हणजे साच्यापासून, वीतभर. माल भरायला अडचण होते म्हणे! तिसरीला दोन हातांची बटणं, त्यातलं एक चिकटपट्टीनं कायमचं दाबलेलं. दोन्ही बटणं अर्ध्या सेकंदाच्या आत दाबली नाहीत तर स्ट्रोक पडूच नये, अशी वायरिंग करायची असते. ती कोणी केलीच नव्हती. खंडेनवमीला मात्र तिन्हींना झेंडूच्या माळा.

चेष्टा पुरे. लाज वाटत नाही का? गार्ड लावायला कारखाने अधिनियमाच्या कलम 21 नं सांगितलं होतं, तेही 1948 सालीच. बोटं जातात कॉन्ट्रॅक्टवरच्या पोराची, आणि तुम्ही 'ऑपरेटरचं दुर्लक्ष' लिहून मोकळे होता. 'की क्लच'च्या प्रेसला डायभोवती पक्कं गार्ड लावा, बोट शिरणार नाही एवढीच फट ठेवा. पत्रा तुमच्याच गाळ्यात पडलाय, वेल्डरही आहे. गार्ड लागेपर्यंत ती प्रेस बंद ठेवा.