मुंबईच्या बाल्कनीत ब्लॅककरंट लागत नाही, आणि तो दोष तुमचा नाही

थंडीची चाहूल लागली की बागकामाच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर एक मेसेज फिरायला लागतो. त्याचा मजकूर साधारण असा: दुकानातून सुके ब्लॅककरंट आणा, रात्रभर भिजवा, बारा इंची कुंडीत पेरा. थंडीत मुळाशी रोज बर्फाचे खडे घाला, वर्षभरात घड लागतील. महाबळेश्वरला स्ट्रॉबेरी होते, मग मुंबईत हे का होणार नाही? आणि इतकं व्हिटॅमिन सी दुसऱ्या कुठल्याही फळात नाही. शेवटी लावणी-छाटणीच्या काही सूचना आणि सोबत काळ्याभोर घडांनी लगडलेल्या झुडपाचा फोटो.

आमच्या मजल्यावरच्या काकूंनी तो मला दाखवला आणि विचारलं, "खरंच होतं का रे हे? कुंडी रिकामीच आहे माझी." त्यांना तोंडी जे सांगितलं, तेच इथे नीट मांडतो. कारण हा मेसेज खरा मानून माणसं महिनोन्‌महिने पाणी घालत बसतात आणि शेवटी "माझ्या हाताला गुणच नाही" म्हणून कुंड्या देऊन टाकतात. मला त्याचं फार वाईट वाटतं.

पहिली गोष्ट बियांची. आपल्याकडे सुक्या मेव्याच्या दुकानात ब्लॅककरंट म्हणून जे मिळतं, ती बहुतेक वेळा बारीक किंवा मोठी काळी मनुकाच असते, म्हणजे वाळवलेलं द्राक्ष. घरी पाहायचं असेल तर एक दाणा भिजवून नखाने उघडा. आत गर आहे, बी नाही. असलीच तर एखादी पोचट, पांढुरकी खूण. बिनबियांच्या द्राक्षातून रोप कुठून येणार? खरा ब्लॅककरंट कापला तर आत बारीक बियांची गर्दी असते आणि फळाच्या टोकाला वाळलेल्या फुलाचं शेपूट चिकटलेलं असतं. त्याचं पान चुरगाळलं की उग्र वास येतो. द्राक्षाशी त्याचं काहीही नातं नाही. आणि अगदी खऱ्या बिया हाती आल्या, तरी त्या ओलसर वाळूत-मातीत, शून्य ते पाच अंशांच्या थंडीत सुमारे तीन महिने ठेवल्याशिवाय नीट उगवत नाहीत. ऑनलाइन मिळणाऱ्या रंगीत पाकिटांवर हे लिहिलेलं मला तरी दिसलेलं नाही.

आता मुख्य मुद्दा. तो थंडीचा आहे आणि सगळं त्याच्यावर अडतं.

ब्लॅककरंट हे उत्तर आणि मध्य युरोप व उत्तर आशियातलं झुडूप. शरद ऋतूत दिवस लहान होऊ लागले की ते पानं गाळतं आणि फांद्यांवरचे डोळे, म्हणजे पुढची फूट आणि फुलं दडलेले कोंब, मिटून घेतं. पुढच्या वर्षीची फुलं त्या डोळ्यांत तेव्हाच तयार असतात, पण नुसती ऊब मिळाली म्हणून ती उघडत नाहीत. आधी ठरावीक तास थंडी जमा व्हावी लागते. तिकडे जानेवारीतही एखादा आठवडा फसवा उबदार येतो. त्या उबेत डोळे फुटले तर पुढच्या बर्फात सगळा मोहोर जळेल, म्हणून झाडाने स्वतःला घालून घेतलेला हा बंध आहे. सात अंशांच्या खालचे तास मोजले तर वाणानुसार साधारण ८०० ते १५०० तास आणि काही वाणांना त्याहूनही जास्त लागतात.

मुंबईत हे तास किती? सांताक्रूझ वेधशाळेची आजवरची सर्वांत थंड नोंद २२ जानेवारी १९६२ ची आहे, ७.४ अंश. म्हणजे शहराच्या नोंदीतल्या सर्वांत कडाक्याच्या रात्रीसुद्धा पारा सातच्या खाली उतरला नाही. एरवी जानेवारीतलं किमान तापमान सोळा-सतराच्या आसपास असतं. १००० तास हवेत आणि जमा होतात शून्य. ही तूट खताने, प्रेमाने किंवा पहाटे उठून घातलेल्या पाण्याने भरून निघत नाही.

कुणी परदेशी रोप मिळवून लावलंच, तर ते लगेच मरत नाही आणि तिथेच माणूस फसतो. पहिल्या वर्षी, आधीच्या थंडीच्या शिदोरीवर, ते पानं काढतं. पुढच्या वर्षी फांदीच्या फक्त टोकाला दोन-चार डोळे फुटतात आणि खालची काठी उघडीच राहते. फुलं येत नाहीत, आलीच तर मागेपुढे तुरळक येतात आणि गळतात. मग मे महिना येतो, जेव्हा आपल्याकडे रात्रीही पारा सत्तावीसच्या खाली जायला तयार नसतो. झाड दिवसा जे कमावतं ते रात्रीच्या उकाड्यात खर्चून टाकतं. त्यातून वाचलं तर जुलैचा पाऊस कुंडीत साचून मुळं कुजवतो. मालक मात्र स्वतःलाच बोल लावत राहतो.

"मुळाशी बर्फ घाला." थंडी मोजतात ते डोळे, मुळं नाहीत. फांदीवरचा प्रत्येक डोळा आपापली थंडी मोजतो. मातीवर ठेवलेला बर्फ अर्ध्या तासात वितळतो, वरची फांदी तिशीच्या हवेतच राहते आणि गार पाण्याने कोवळ्या मुळांना त्रास होतो तो वेगळाच.

यावर काही हुशार मंडळी सुचवतात की कुंडीच फ्रिजमध्ये ठेवा. हिशोब करा: १००० तास म्हणजे सलग बेचाळीस दिवस. तेही झाड आधी पानं गाळून नीट झोपलेलं असेल तरच उपयोगी. मुंबईत डिसेंबरातही ते हिरवंच असतं. शिवाय त्याच फ्रिजमध्ये सफरचंदं-केळी असतील तर पिकणाऱ्या फळांतून निघणारा इथिलीन वायू डोळ्यांना मारक ठरतो. आणि एवढं करून फेब्रुवारीत बाहेर काढलं तर समोर काय? मार्चचं ऊन.

महाबळेश्वरची तुलना वरवर पटते, म्हणून ती जास्त दिशाभूल करते. तिथली स्ट्रॉबेरी हंगामी पीक म्हणून घेतात: पावसाळा ओसरताना रोपं लावायची, नोव्हेंबर-डिसेंबरपासून फळं काढायची, उन्हाळ्यात वाफे मोडायचे. स्ट्रॉबेरीला थोडा गारवा पुरतो. ब्लॅककरंट मात्र वर्षानुवर्षं एकाच जागी उभं राहणारं झुडूप आहे आणि त्याला दर वर्षी तो लांबलचक हिवाळा हवाच. तो तर महाबळेश्वरालाही देता येत नाही, मग तेराशे मीटर खाली, समुद्राकाठी, कुठून देणार?

या तुलनेत एक धागा खरा आहे, तो मान्य करायला हवा. कमी थंडीत फळणारे वाण काढता येतात. सफरचंदात ते झालंय. इस्रायलचं 'ॲना' किंवा हिमाचलातल्या बिलासपूरच्या हरिमन शर्मांचं 'एचआरएमएन-९९' ही त्याची उदाहरणं. ब्लॅककरंटमध्येही स्कॉटलंडच्या जेम्स हटन इन्स्टिट्यूटमध्ये त्या दिशेने काम चालू आहे, कारण ब्रिटनचे हिवाळे मऊ पडू लागलेत. पण तिथलं "कमी" म्हणजेही शेकडो तास.

व्हिटॅमिन सीचा दावा अर्धा खरा. १०० ग्रॅम ब्लॅककरंटमध्ये सुमारे १८० मिलिग्रॅम असतं, संत्र्याच्या तिपटीहून जास्त. दुसऱ्या महायुद्धात ब्रिटनमध्ये संत्री मिळेनाशी झाली तेव्हा मुलांना ब्लॅककरंटचं सरबत देत. पण "दुसऱ्या कुठल्याही फळात नाही" हे साफ खोटं. पेरूत सव्वादोनशेच्या आसपास असतं आणि आवळा दोघांच्या पुढे.

मेसेजच्या शेवटी जपणुकीच्या सूचना असतात, त्या मात्र मुळात चांगल्या आहेत, फक्त पत्ता चुकलाय. लेक किंवा भाचा इंग्लंडात असेल आणि घरामागे तुकडाभर जागा असेल तर त्यांना जरूर कळवा: पानगळीनंतर रोप लावा, नर्सरीत होतं त्याहून दोन इंच खोल लावा, म्हणजे बुडातून नवे धुमारे येतात. लावल्यावर सगळ्या फांद्या जमिनीवर एक-दोन डोळे ठेवून छाटा. पहिल्या वर्षी फळ मागू नका. फळ येतं ते मुख्यतः आदल्या वर्षीच्या फांदीवर, म्हणून झाड जुनं झालं की दर हिवाळ्यात सर्वांत जुन्या, काळपट पडलेल्या फांद्यांपैकी तिसरा हिस्सा बुडापासून काढा. मग एका झुडपावर चार-साडेचार किलो फळ मिळू शकतं. परत येताना त्याची काडी बॅगेत घालून आणू नका एवढंच. परवान्याशिवाय रोपं-काड्या देशात आणायला बंदी आहे आणि ती रास्त आहे. याच कुळातल्या झाडांमार्फत पाइनवर पडणाऱ्या तांबेरा या बुरशीच्या रोगामुळे अमेरिकेत ब्लॅककरंटवर १९६६ पर्यंत देशभर बंदी होती.

काकूंचा खरा प्रश्न रिकाम्या कुंडीचा होता आणि त्याला उत्तर आहे. काळं, आंबटगोड, बोटं रंगवणारं फळ हवं असेल तर फालसा लावा. अर्ध्या पिंपाएवढी कुंडी, भरपूर ऊन, बुडाला चांगला निचरा. इथे ब्लॅककरंटची छाटणी वापरू नका, कारण फालशाला फळ येतं ते नव्या फुटीवर. डिसेंबर-जानेवारीत सगळं झाड कमरेइतकं कापा, शेणखत द्या आणि एप्रिल-मेमध्ये जांभळे दाणे वेचा. पिकलेला फालसा दिवस-दोन दिवसच टिकतो, म्हणून फळवाल्यांकडे तो क्वचित दिसतो. घरच्या झाडाची किंमत त्यामुळेच जास्त. तुतीही अशीच: छाटली, पानं ओरबाडली की काही आठवड्यांत नव्या फुटीबरोबर फळं.

आणि जागा गच्चीवर असेल, मुलांच्या वावरापासून जरा दूर, तर करवंद. काटे आहेत, चीक आहे, पण सह्याद्रीच्या कातळावर वाढलेली ही डोंगरची काळी मैना खारा वारा आणि ऊन दोन्ही सोसते. मेमध्ये स्टेशनबाहेर पानांच्या द्रोणांत करवंदं घेऊन बायका बसतात, त्यांच्याकडून चांगली पिकलेली घ्या, खा आणि बिया धुऊन त्याच आठवड्यात पेरा. वाळवून ठेवल्या तर त्या उगवत नाहीत.