लेखात चाणक्य कुठे आहे?

भारताच्या परराष्ट्र धोरणावर इतिहासाचा आणि संस्कृतीचा प्रभाव कसा पडतो, या विषयावर एका दिवाळी अंकाने नुकताच माझ्याकडे लेख मागितला. मी १९७६ या वर्षावर लिहिले. त्या वर्षी भारताने पंधरा वर्षांच्या खंडानंतर चीनमध्ये पुन्हा राजदूत नेमला, ते के. आर. नारायणन, आणि १९७१च्या युद्धात पाकिस्तानशी तुटलेले राजनैतिक संबंधही त्याच वर्षी पुन्हा जुळले. या दोन्ही वेळी परराष्ट्रमंत्री यशवंतराव चव्हाण होते, तेव्हा मराठी वाचकाला विषय आपला वाटेल अशी माझी समजूत होती. संपादकांचा निरोप आला : लेख अभ्यासपूर्ण आहे, पण त्यात चाणक्य कुठेच दिसत नाही, तो घालावा; आणि यशवंतराव घेतलेच आहेत तर हिमालयाच्या मदतीला सह्याद्री कसा धावून गेला तेवढेच घ्यावे, बाकीचे वाचक वाचत नाहीत.

बाजारात काय चालते हे त्या निरोपाने मला नेमके शिकवले. ही विद्या स्वतःपाशीच ठेवणे बरे नव्हे, म्हणून आपल्यापैकी ज्यांना परराष्ट्र धोरणाचे जाणकार म्हणून व्याख्यानमालांत, वाहिन्यांवरील चर्चांत आणि सोसायटीच्या व्हॉट्सॲप समूहात नाव कमवायचे असेल, त्यांच्यासाठी काही पथ्ये इथे देत आहे.

आरंभ चाणक्यानेच करावा, मात्र अर्थशास्त्र उघडू नये. त्याचे दुसरे अधिकरण वजने-मापे, मीठ, मद्य आणि हत्ती यांच्या अध्यक्षांनी भरलेले आहे, आणि अधिकारी सरकारी पैसा खातात त्याचे चाळीस प्रकार तिथे मोजून दिले आहेत. ते वाचत बसलात तर आपल्याच महापालिकेची आठवण होऊन परराष्ट्र धोरण बाजूला राहील. सातव्या अधिकरणाकडे तर फिरकूच नये. तिथे हा तुमचा कठोर, निष्ठुर चाणक्य सरळ सांगतो की संधी म्हणजे तह आणि विग्रह म्हणजे युद्ध यांतून सारखाच लाभ होणार असेल तर संधी करावी, कारण युद्धात माणसांचा क्षय होतो, खर्च होतो, घर सोडून दूर राहावे लागते आणि पापही लागते. भर सभेत हे सांगितले तर टाळ्या मिळणार नाहीत. रा. शामशास्त्री यांच्या हाती या ग्रंथाची पोथी म्हैसूरला १९०५ साली आली आणि १९०९ साली ती छापली गेली, मुंबईच्या रा. पं. कांगले यांनी पुढे तिची चिकित्सक आवृत्ती तीन खंडांत सिद्ध केली, या गोष्टींचा उच्चार टाळावा. नाहीतर श्रोत्यांतला एखादा विचारेल की मग मधली कित्येक शतके हा देश कोणते पुस्तक वाचून चालत होता. साम, दाम, दंड, भेद एवढे चार शब्द पाठ असले म्हणजे पुरे. अर्थशास्त्रातले षाड्गुण्य, म्हणजे परराष्ट्र व्यवहाराच्या सहा नीती, त्या या नव्हेतच, पण ते विचारणारा अजून जन्माला यायचा आहे.

चर्चेला बसताना नकाशा जवळ ठेवू नये.

‘वसुधैव कुटुम्बकम्’ हे मात्र सढळ हाताने वापरावे. २०२३ साली जी-२० परिषदेच्या निमित्ताने ते वचन रस्तोरस्ती झळकलेच आहे. ते महोपनिषदातले आहे हे सांगावे. हितोपदेशातही आहे, आणि तिथे ते हरणाला खाण्याच्या इराद्याने त्याच्याशी सलगी करणाऱ्या कोल्ह्याच्या तोंडी आहे, हे सांगू नये. शेजारी देशांतले लोकही हितोपदेश वाचतात, ही आपली अडचण आहे. त्याच वर्षी नव्या संसद भवनातल्या भित्तिचित्राला एका केंद्रीय मंत्र्यांनी अखंड भारताचा संकल्प म्हटले, तेव्हा काठमांडूहून आक्षेप आले, ढाक्याने खुलासा मागितला, आणि ते चित्र सम्राट अशोकाच्या साम्राज्याचे आहे असे आपल्या परराष्ट्र मंत्रालयाला सांगत बसावे लागले. कुटुंबातल्या माणसांचे गैरसमज असे अधूनमधून काढावेच लागतात.

आता सर्वांत महत्त्वाचे पथ्य. यश आले तर ते चाणक्याचे आणि अपयश आले तर ते बुद्धाचे, ही वाटणी कधीही चुकू देऊ नये. १९७१ साली बांगलादेश झाला तो आपल्या रक्तातल्या कूटनीतीमुळे, आणि १९६२ साली मार खाल्ला तो आपल्या रक्तातल्या भोळेपणामुळे. एकाच रक्तात नऊ वर्षांच्या अंतराने दोन परस्परविरोधी गुण कसे उफाळले, असा प्रश्न कोणी केला तर संस्कृती प्राचीन आहे एवढे म्हणून पाणी प्यावे. पंचशील, म्हणजे भारत-चीनने मान्य केलेली शांततामय सहजीवनाची पाच तत्त्वे, हा शब्द उच्चारताना किंचित हसावे, म्हणजे श्रोतेही हसतात. पंचशील ज्याच्या प्रस्तावनेत आहे तो २९ एप्रिल १९५४चा करार भारत आणि चीनचा तिबेट विभाग यांच्यातील व्यापार आणि ये-जा यांबद्दलचा होता, त्याची मुदत अवघी आठ वर्षे होती आणि ती युद्धाच्या काही महिने आधी, जून १९६२मध्ये संपली, हे त्या हसणाऱ्यांपैकी किती जणांना माहीत असते? त्या करारासोबत भारताने यातुंग आणि ग्यांत्से इथल्या आपल्या लष्करी तुकड्या काढून घेतल्या आणि टपाल-तारेची व्यवस्था सोडली. त्या तुकड्या तिथे सम्राट अशोकाने ठेवल्या नव्हत्या. १९०४ साली इंग्रज अधिकारी यंगहजबंडच्या मोहिमेने ल्हासा गाठले, त्यातून इंग्रजांच्या पदरात पडलेले हे हक्क होते आणि आपण ते त्यांच्या फायलींसकट वारशाने घेतले होते. पूर्वेकडची मॅकमहोन रेषाही १९१४च्या सिमला परिषदेतली. ज्यांना भोळे म्हणून तुम्ही हसता त्या नेहरूंनी करारानंतर सव्वादोन महिन्यांच्या आत, १ जुलै १९५४ रोजी, उत्तर सीमा निश्चित मानावी, तिच्याबद्दल कोणाशी चर्चा करू नये आणि तसे नवे नकाशे छापावेत, असा लेखी आदेश दिला. हा माणूस बुद्ध आहे की चाणक्य, ते आता तुम्हीच ठरवा! तो दोन्हीही नव्हता. ब्रिटिश साम्राज्याची सीमा हाती आलेली, पण ती राखायला लागणारे साम्राज्याचे सैन्य आणि पैसा हाती नसलेला असा तो एका नव्या लोकशाही देशाचा पंतप्रधान होता. त्याने काही गोष्टी बरोबर जोखल्या आणि काही भयंकर चुकीच्या जोखल्या. वल्लभभाईंनी ७ नोव्हेंबर १९५०च्या पत्रात तिबेटवरून त्याला स्पष्ट इशारा दिला होता. इतिहास धोरण घडवतो तो असा, टिपणांतून, नकाशांतून, न ऐकलेल्या पत्रांतून आणि अक्साई चीनमधला रस्ता संसदेला १९५९पर्यंत कळू न देण्यातून. हे सगळे सोडून ‘हिंदू मुळातच सहिष्णू’ या एका वाक्यावर तुम्ही वेळ मारून नेता तेव्हा चूक करणाऱ्या प्रत्येक मंत्र्याला, सेनापतीला आणि सचिवाला तुम्ही दोषमुक्त करून सोडता, कारण संस्कृतीवर खटला चालवता येत नाही.

असो. पथ्यांकडे वळू.

मराठी श्रोत्यांपुढे बोलताना महाराजांचे नाव घ्यावे, त्यांचा व्यवहार सांगू नये. १६७४ साली राज्याभिषेकाला आलेल्या इंग्रज वकील हेन्री ऑक्झेंडनने नजराणे आणले, पण त्याच्या खिशात व्यापारी मागण्यांची यादी आणि राजापूरच्या वखारीच्या लुटीच्या भरपाईची मागणीही होती, आणि त्या कलमांवर रायगडावर घासाघीस झाली, हे ऐकून कोणाच्या अंगावर काटा येत नाही. रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्राचेही तसेच. टोपीकर, म्हणजे युरोपीय व्यापारी, हे इतर सावकारांसारखे नव्हेत, त्यांना समुद्रकिनाऱ्यावर वखारीला जागा देऊ नये, द्यावीच लागली तर आत दूरवर द्यावी, असे त्यात लिहून ठेवले आहे. म्हणजे परकी भांडवल हवे तर घ्या, पण ते कुठे बसवायचे ते तुम्ही ठरवा. मराठीत आपल्याला एवढा रोकडा दस्तऐवज मिळाला आहे, आणि तरी आपण पाटलीपुत्राकडेच तोंड करून बसतो.

सध्याच्या नेत्याच्या आधी देशाला परराष्ट्र धोरण नव्हतेच, असे ठामपणे सांगावे. नेता बदलला की वाक्य तेच ठेवून फक्त नाव बदलावे.

मार्च २०२२मध्ये युक्रेनच्या ठरावावर संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेत भारत तटस्थ राहिला, त्याला नव्या भारताचा कणखरपणा म्हणावे, किंवा तुम्ही विरोधी पक्षाचे असाल तर नैतिक अधःपतन म्हणावे. नोव्हेंबर १९५६मध्ये हंगेरीत सोव्हिएत रणगाडे शिरले तेव्हाही भारत तटस्थच राहिला होता, हे दोघांनीही लपवावे. १८ डिसेंबर १९६१ रोजी गोव्याच्या प्रश्नावर सुरक्षा समितीत भारताविरुद्धचा ठराव कोणाच्या नकाराधिकाराने पडला, हे निदान गोव्याला सुट्टीवर जाणाऱ्या माणसाने विसरू नये अशी माझी भाबडी अपेक्षा असते. मॉस्कोचे ते ऋण, ऑगस्ट १९७१चा मैत्री करार, दशकानुदशके घेतलेली शस्त्रे आणि आता स्वस्त तेल, हा सलग इतिहास आहे आणि दिल्लीत कोणाचेही सरकार असो, त्याला तो सहजासहजी उलटवता आलेला नाही. १९७७ साली जनता सरकारात परराष्ट्रमंत्री झालेल्या वाजपेयींनी अलिप्ततावाद मोडीत काढला नाही, तो खरा अलिप्ततावाद करू म्हणाले.

शेजाऱ्यांशी संबंध मोबाइलवरून तोडावेत. जानेवारी २०२४मध्ये आपण सर्वांनी मालदीववर बहिष्कार टाकून तो देश गुडघ्यावर आणला. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये मालदीवचे अध्यक्ष मुइझ्झू दिल्लीला आले आणि आपल्या सरकारने त्यांच्यासाठी ४० कोटी डॉलर आणि ३,००० कोटी रुपयांच्या चलन-अदलाबदलीची सोय केली. ते शहाणपणाचेच होते. पण त्या दिवशी तुमच्या समूहात पूर्ण शांतता होती, हे मी पाहिले आहे, कारण त्या समूहात मीही आहे.

आता पथ्ये पुरे झाली. सरळच बोलतो. भारतासारख्या देशाच्या परराष्ट्र सेवेत अधिकारी आहेत सुमारे हजार, आणि केंद्रीय अर्थसंकल्पात परराष्ट्र मंत्रालयाचा वाटा अर्धा टक्काही नसतो, आणि तुम्ही विश्वगुरूपदाच्या गप्पा मारता. युद्ध चालू असताना, ८ नोव्हेंबर १९६२ रोजी, विरोधकांच्या मागणीवरून संसदेचे अधिवेशन भरले आणि पंतप्रधानांना समोर बसून बोलणी खावी लागली. २०२० साली गलवानमध्ये वीस जवान गेले, त्यावर निवेदने झाली, सविस्तर चर्चा झाली नाही, आणि तुम्हाला त्याचे काहीही वाटले नाही. १९६२च्या पराभवावरचा हेंडरसन ब्रूक्स अहवाल १९६३पासून कुलपात आहे. काँग्रेसने तो उघडला नाही. विरोधात असताना तो खुला करा म्हणणाऱ्या भाजपच्या सरकारने सत्तेवर येताच, जुलै २०१४मध्ये, तो उघडणे देशहिताचे नाही असे सांगितले. ज्या इतिहासावर तुम्ही रात्र रात्र वाद घालता तो तुम्हाला वाचूच दिला जात नाही, आणि तो मागावा असेही तुमच्या मनात येत नाही, कारण कोणीतरी तयार करून दिलेले खोटे सुभाषित पुढे ढकलण्यात तुमचा वेळ चांगला जातो. तुमच्या मतदारसंघातल्या खासदाराने परराष्ट्र व्यवहारावर सभागृहात कोणते प्रश्न विचारले, ते संसदेच्या संकेतस्थळावर कोणालाही पाहता येते. त्याला पाच मिनिटे लागतात, आणि तेवढेही तुम्ही आजवर केलेले नाही.