हेरेरो गुरं विकत नाहीत? मग लिलावात येतं काय?

'नामिबियातले हेरेरो लोक गुरं फक्त मिरवायला पाळतात, विकत नाहीत, पाण्यामागे भटकत राहतात. सवाना (तुरळक झाडांचा गवताळ प्रदेश) त्यांच्या गुरांनीच उजाड केला, सौर पंप दिले की प्रश्न मिटेल,' असा मजकूर फिरतोय. सोबत शिंगांच्या आकाराचं शिरोवस्त्र घातलेल्या बाईचा फोटो. फोटो खरा आहे. मजकुराचं एकेक बघू.

विकत नाहीत. ओकाकरारा आणि ओमाहेके भागात गुरांचे लिलाव भरतात. तिथे मुख्यतः सात-आठ महिन्यांची, दूध तुटलेली, १८० ते २२० किलोंची वासरं येतात. भाव जिवंत वजनावर, किलोमागे. बरीचशी पुढे दक्षिण आफ्रिकेतल्या फीडलॉटमध्ये, म्हणजे खाऊ घालून वजन वाढवायच्या वाड्यांत, जातात. कानात बिल्ला आणि मालकाच्या हातात वाहतूक परवाना नसेल तर जनावर लिलावात उभंच राहत नाही. वस्तीवर मागे उरतात त्या गाई आणि कालवडी. त्या बघून 'विकत नाहीत' म्हणणं म्हणजे आंब्याची झाडं उभी दिसली म्हणून बागवान आंबे विकत नाही म्हणण्यासारखं. वडिलांच्या वंशाशी, म्हणजे ओरुझोशी, आणि पवित्र अग्नीशी जोडलेली काही गुरं सहजी विकली जात नाहीत, हे खरं. पण तो सगळा कळप नव्हे.

खरा हिशेब कासेपाशी असतो. गाई दिवसभर रानात, वासरं वाड्यात. सकाळी वासरू आधी कासेला लावायचं, पान्हा सुटला की बाजूला बांधायचं, काही सडांचं दूध काढायचं आणि उरलेलं वासराला सोडायचं. ते दूध वाळवलेल्या भोपळ्याच्या भांड्यात आंबवून घुसळलं की ओमाएरे तयार, घरातलं रोजचं अन्न. जास्त पिळलं तर वासरू लिलावात हलकं भरतं. म्हणून दुष्काळी वर्षात धार लवकर थांबवावी लागते. मिरवणाऱ्याला एवढा विचार कशाला लागतो?

भटकतात. १८९७च्या बुळकांडीने, म्हणजे गुरांच्या साथीने, बहुतेक गुरं मेली. १९०४ला जर्मन सैन्याने सुरू केलेल्या हेरेरोंच्या नरसंहारातून वाचलेल्यांना १९०७च्या जर्मन नियमांनी परवानगीशिवाय जमीन आणि गुरं बाळगायला बंदी केली. १९२०च्या दशकात दक्षिण आफ्रिकेच्या राजवटीने वॉटरबर्ग ईस्ट, एपुकिरोसारखी राखीव क्षेत्रं आखून दिली. आजची वस्ती बोअरला, म्हणजे विंधन विहिरीला, धरून एकाच जागी असते, आणि अडचण नेमकी तीच आहे.

उजाड केला. बोअरभोवतीची जमीन तुडवून उघडी पडते, कारण सगळ्या कळपांना त्याच हौदावर परत यावं लागतं. पण काटेरी झुडपांचं रान खाजगी, कुंपणबंद फार्मांवरही माजलंय. जास्त चराई, वणवे दाबून टाकणं आणि झुडपं खाणारे प्राणी कमी होणं, अशी कारणं एकत्र येतात. सामूहिक जमिनीत धनदांडग्यांनी बेकायदा घातलेली कुंपणं बाकीच्यांची चराई आणखी आक्रसतात. मजकुरात त्यांचं नावही नाही.

सौर पंप दिला की झालं. उन्हाळ्यात मोठं जनावर दिवसाला ५० लिटर सहज पितं. ३०० गुरं म्हणजे १५ हजार लिटर. ढगाळ दिवस धरून तीन दिवसांचा साठा, म्हणजे ४५ हजार लिटरची टाकी हवी. हौद भरला की पाणी आपोआप बंद करणाऱ्या फ्लोट व्हॉल्व्हवर झाकण नसेल तर गुरं तो घासून मोडतात आणि रात्रीत टाकी रिकामी होते. शिवाय नवा बोअर कोरड्या हंगामासाठी राखलेल्या गवतातच मारला, तर दुष्काळाची शिल्लक आधीच संपते.

आणि पाणी असूनही गुरं मरतात. इथल्या गवतात फॉस्फरस कमी. गाय मेलेल्या जनावराची हाडं चघळू लागते आणि त्यातून बोट्युलिझम, म्हणजे जिवाणूंच्या विषाची बाधा, होऊन लुळी पडते. उपाय म्हणजे दरवर्षी लस, मेलेली जनावरं जाळणं आणि गुरांना चाटायला ठेवायचं मिश्रण, म्हणजे चाटण: मीठ आणि फॉस्फरस देणारं डायकॅल्शियम फॉस्फेट निम्मंनिम्मं. फॉस्फरसची गरज पावसाळ्यात, हिरवं गवत असताना जास्त. नेमकं तेव्हाच चाटण बंद करण्याची चूक होते. कोरड्या महिन्यांत प्रथिनांसाठी युरिया घातलेलं चाटण देतात. त्या गव्हाणीवर छप्पर हवंच: पहिल्या पावसाचं पाणी साचलं की युरिया त्यात विरघळतो, आणि ते पाणी प्यायलेलं जनावर तासाभरातही मरू शकतं.