कूल्थार्ड इंग्रज नव्हता आणि विकलाही गेला नव्हता

सिडनीच्या दंगलीची एक गोष्ट क्रिकेटवेड्यांच्या ग्रुपवर वरचेवर फिरते. ८ फेब्रुवारी १८७९ला ऑस्ट्रेलियातल्या न्यू साउथ वेल्सविरुद्ध (सिडनी ज्यात येतं तो प्रांत) खेळताना इंग्लंडचा कर्णधार लॉर्ड हॅरिसने सोबत आणलेल्या इंग्रज पंचाने इंग्लंडवर पैसे लावले होते, म्हणून त्याने न्यू साउथ वेल्सचा फलंदाज बिली मर्डॉकला खोटं धावबाद दिलं आणि लोक मैदानात घुसले, अशी ती गोष्ट. हा पंच म्हणजे जॉर्ज कूल्थार्ड. यात त्याच्यावर सरळसरळ अन्याय आहे.

पहिली गोष्ट, तो इंग्रज नव्हताच. तो शेजारच्या व्हिक्टोरियात (मेलबर्नचा प्रांत) जन्मला होता, मेलबर्न क्रिकेट क्लबच्या नोकरीत होता आणि तिथल्या फुटबॉलमध्ये कार्लटन क्लबचा नावाजलेला खेळाडू होता. वय अवघं २२. सिडनीकरांना तो खुपला, त्यात व्हिक्टोरिया आणि न्यू साउथ वेल्स यांच्या जुन्या वैराचा वाटा मोठा होता.

‘आपला पंच आणला’ यातही काही काळंबेरं नाही. तेव्हा प्रत्येक संघ आपापला पंच नेमायचा. न्यू साउथ वेल्सनेही एडमंड बार्टनला उभं केलंच होतं. हाच बार्टन १९०१मध्ये ऑस्ट्रेलियाचा पहिला पंतप्रधान झाला.

आता निर्णय. इंग्लंडच्या २६७ धावांपुढे न्यू साउथ वेल्स १७७वर आटोपलं. मर्डॉक एकटा ८२वर नाबाद राहिला. फॉलोऑननंतर तोच मर्डॉक १० धावांवर धावबाद झाला. सगळी भिस्त ज्याच्यावर, तोच गेल्यावर लोक खवळणारच. त्यात आदल्या दिवशी खुद्द हॅरिसविरुद्धचं झेलाचं अपील कूल्थार्डने फेटाळलं होतं, तो रागही होता. पण बार्टनने हा निर्णय योग्य ठरवला. तो समोरच्या संघाचा पंच होता, कूल्थार्डची बाजू घेण्यात त्याचा काय फायदा? मर्डॉक खरोखर बाद होता का, हे आज कोणी छातीठोकपणे सांगू शकणार नाही. पण निर्णय चुकला असं धरलं, तरी तो पैशांसाठी चुकवला हे त्यातून सिद्ध होत नाही.

आणि पैज? सिडनीच्या एका वर्तमानपत्राने तसं छापलं होतं खरं, पण कूल्थार्डने आरोप साफ नाकारला आणि तो कधी सिद्धही झाला नाही. उलट मैदानावर खरे पैसे लागले होते ते प्रेक्षकांचे. पैजांना बंदीच्या पाट्या असूनही पॅव्हिलियनमध्ये व्यवहार उघड चालले होते. पैसे बुडायची वेळ आली तेव्हा तेच ओरडले, असं हॅरिसचं म्हणणं होतं. हॅरिस यात पक्षकार आहे, त्याला स्वतःला काठीचा मार बसला होता, म्हणून त्याचा शब्द जरा जपूनच घ्यावा. (हाच हॅरिस पुढे १८९० ते १८९५ मुंबईचा गव्हर्नर होता. सचिन आणि विनोद कांबळीची ६६४ धावांची भागीदारी झाली ती हॅरिस शील्ड ही शालेय स्पर्धा त्याच्याच नावाची.)

माझ्या लेखी सर्वांत भक्कम पुरावा पुढचा आहे. कूल्थार्ड खरंच विकला गेलेला असता, तर त्याला पुन्हा मैदानात कोणी उभं केलं असतं का? १८८१-८२च्या मालिकेतली मेलबर्नची पहिली कसोटी सुरू झाली तेव्हा पंच म्हणून तोच उभा होता. त्याच मालिकेत तो ऑस्ट्रेलियाकडून आपली एकमेव कसोटी खेळला, तीही सिडनीत. अकराव्या क्रमांकावर येऊन नाबाद ६ धावा केल्या. त्या संघाचा कर्णधार होता बिली मर्डॉक. ज्याला त्याने धावबाद दिलं होतं, तोच.

ऑक्टोबर १८८३मध्ये कूल्थार्ड क्षयाने गेला, २७व्या वर्षी. त्याच्या बाजूने बोलायला तो फार दिवस राहिलाच नाही. दंगलीची गोष्ट जरूर सांगा, ती रंगतदार आहेच. फक्त पुढच्या वेळी फॉरवर्ड करताना त्यातला ‘इंग्रज’ आणि पैजेचा भाग काढून टाका.