'मोबाइलनं आणलेली थेरं': एका प्रतिक्रियेला उत्तर

भाऊ, इतकं सविस्तर लिहिलंत, बरं वाटलं. तरुण विधवेच्या इच्छेवरचा माझा लेख तुम्हाला झोंबला. तुमचं म्हणणं असं की ही थेरं मोबाइलनं खेड्यात आणली, आपल्या संस्कृतीत हे नव्हतं, विधवेनं मन आवरावं, आणि लेख काढून टाका.

लेख काढणार नाही. असल्याच प्रश्नांना 'समाजस्वास्थ्य' या आपल्या मासिकात उत्तरं दिली म्हणून र. धों. कर्व्यांवर १९३४ साली खटला चालला, तेव्हा त्यांच्या बाजूनं वकील म्हणून डॉ. आंबेडकर उभे राहिले होते. खटला हरले, पण प्रश्न काही थांबले नाहीत.

आता संस्कृतीचं. वऱ्हाडातल्या कुणब्यांत विधवेचा पाट, म्हणजे दुसरं लग्न, लागायचा. रसेल आणि हिरालाल यांच्या मध्य प्रांतातल्या जाती-जमातींवरच्या १९१६ च्या ग्रंथात त्याची नोंद आहे. लग्नासारखा मान पाटाला नव्हता, रात्री गुपचूप उरकायचे. पण वाट होती. ती बुजली कशी? समाजशास्त्रज्ञ श्रीनिवास ज्याला संस्कृतीकरण म्हणतात, त्यानं. घराची ऐपत वाढली की वरच्या जातींचे सोवळे नियम उचलायचे, आणि ते पहिल्यांदा लादायचे घरच्या बाईवर. तुम्ही जुनी म्हणता ती रीत कित्येक घरांत तशी अलीकडचीच आहे.

मोबाइलबद्दल तुमचं अर्धं खरं. त्यानं आडोसा दिला. इच्छा टॉवरवरून उतरत नाही, भाऊ.

आमच्याकडं वेचणीला येणारी एक बाई वावरात पोचली की बारीक मरून रंगाची टिकली लावते. संध्याकाळी कापूस मोजून झाला की काढून मोबाइलच्या कव्हरला चिकटवते, मग गावात शिरते. एकदा विसरली, तर धुऱ्यावरच दुसरीनं सुनावलं, "नवरा जाऊन वरीस नाही झालं अन् हिले टिकली सुचते!" त्याच गल्लीतला विधुर सहा महिन्यांत बोहल्यावर चढला. पंगतीला आपण सगळेच होतो, बुंदी दोनदा मागून घेतली.

राहिलं 'मन आवरावं'. वेग्नर या मानसशास्त्रज्ञानं १९८७ साली काही जणांना पांढऱ्या अस्वलाचा विचार करू नका म्हणून सांगितलं. तो येतच राहिला, आणि बंदी उठल्यावर जास्तच आला. टिकलीचं काय वेगळं होणार?

तुमच्या घरी ऐंशीच्या पुढची आजी असेल तर पाटाचं विचारून पाहा. सुनांसमोर नको, एकटीत विचारा.