खुलासा : शिकागो कब्जचे मालक राष्ट्राध्यक्ष टाफ्ट नव्हेत

अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष विल्यम हॉवर्ड टाफ्ट हे शिकागो कब्ज या बेसबॉल संघाचे मालक होते, असा मजकूर सध्या फिरत आहे. तो चुकीचा आहे. संघ होता त्यांचे सावत्र भाऊ चार्ल्स फेल्प्स टाफ्ट यांचा. दोघांचे वडील एक, माता वेगळ्या. चार्ल्स यांचा जन्म 1843 चा, विल्यम यांचा 1857 चा. दोघेही वकील, दोघेही ओहायो राज्यातील सिनसिनाटी शहराचे, त्यामुळे गफलत समजण्याजोगी आहे.

चार्ल्स 1895 ते 1897 अशी एकच मुदत अमेरिकी काँग्रेसचे (संसदेचे) सदस्य होते. ‘टाइम्स-स्टार’ हे वृत्तपत्रही त्यांचेच. 1905 मध्ये चार्ल्स मर्फी यांनी कब्ज विकत घेतला तो चार्ल्स टाफ्ट यांच्या पैशाच्या बळावर, पण 1907 व 1908 च्या विश्वविजेतेपदांच्या वेळी कारभार पाहणारे मालक मर्फीच होते. 1914 मध्ये मर्फी बाजूला झाले, संघ चार्ल्स टाफ्ट यांच्याकडे आला आणि 1916 च्या आरंभी त्यांनी तो चार्ल्स वीघमन यांच्या गटाला विकला. (तीन चार्ल्स एका व्यवहारात, हाही गोंधळाला हातभारच.)

राष्ट्राध्यक्षांचा बेसबॉलशी संबंध आहे, पण तो वेगळा : 14 एप्रिल 1910 रोजी वॉशिंग्टनच्या मैदानात प्रेक्षकांत बसूनच त्यांनी गोलंदाज वॉल्टर जॉन्सन यांच्याकडे हंगामाचा पहिला चेंडू फेकला. हा मान घेणारे ते पहिले राष्ट्राध्यक्ष.