गाईसाठी परत गेलेली माणसं

नमस्कार. इंडोनेशियातल्या मेरापी ज्वालामुखीवरच्या माझ्या लेखावर तुम्ही एवढं सविस्तर लिहिलंत, आभारी आहे. तुमचं म्हणणं थोडक्यात असं : धगधगत्या डोंगराच्या पायथ्याशी राहणारे लोक अडाणी आणि अंधश्रद्धाळू आहेत, मी उगाच त्यांचं कौतुक केलं, सरकारने त्यांना सरळ उचलून दुसरीकडे न्यावं. शिवाय लाव्हाबद्दल मी चुकीचं लिहिलंय.

शेवटचं आधी घेते, कारण तिथे तुम्ही बरोबर आहात. 'लाव्हाने गावं गिळली' हे माझं वाक्य चुकलंच. मेरापीचा लाव्हा घट्ट असतो, माथ्यावरच साचून त्याचा घुमट होतो. तो ढासळला किंवा स्फोटाने उडाला की तापलेला वायू, राख आणि दगड यांचा लोट उतारावरून सुसाट खाली येतो. त्याच्यापुढे पळून कुणी सुटत नाही. २०१० च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये साडेतीनशेच्या आसपास माणसं गेली.

अंधश्रद्धेबद्दल तुम्ही मरिजान यांचं उदाहरण दिलंत. योग्यकर्ताच्या सुलतानाने नेमलेले ते डोंगराचे राखणदार. त्यांनी घर सोडायला नकार दिला आणि पहिल्याच उद्रेकात गेले, त्यांच्याजवळ थांबलेलेही गेले. ते मी झाकणार नाही. पण निवारा छावणीत पोचलेली कितीतरी माणसं धोक्याच्या पट्ट्यात परत जात होती, ती गाईंसाठी. मेरापीच्या उतारावर घरोघरी दुभती जनावरं आहेत. गाईला वैरण रोज लागते, तिची धार रोज काढावी लागते. छावणीत माणसाला भात मिळतो, पण गोठ्यात बांधून आलेल्या गाईचं काय?

हे मला पुण्यात बसून कळलं. २०२४ च्या जुलैत खडकवासल्यातून पाणी सोडलं आणि सिंहगड रस्त्याच्या बाजूला नदीकाठच्या घरांत शिरलं. आमच्याकडे ब्लाउज शिवून देणाऱ्या ताई मुलांना बहिणीकडे पोचवून पुन्हा घरात गेल्या, गुडघाभर पाण्यात. मशीन आणायला. पायमशीनचं लोखंडी स्टँड उचलेना, म्हणून वरचं डोकं तेवढं सोडवून, साडीत गुंडाळून डोक्यावर घेऊन आल्या. लग्नसराईचे कपडे शिवायला घेतलेले होते, ॲडव्हान्स घेतलेला होता. मी त्यांच्यावर ओरडले. त्या एवढंच म्हणाल्या, "ताई, मशीन गेलं तर मी खाऊ काय?" त्यांना अडाणी म्हणायची माझी जीभ रेटत नाही.

आता लोक तिथे राहतातच का? मातीसाठी. ज्वालामुखीची राख झिजून सुपीक होते, डोंगरावरून पाणी येतं, मेरापी ज्या बेटावर आहे त्या जावात पाटाचं पाणी असेल तिथे वर्षात भाताची दोन-तीन पिकं निघतात. आपली काळी रानंही साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाच्या कातळाचीच. माझ्या आजोळी इंदापूरकडे विहीर खणताना आधी काळी माती, मग मुरूम, मग कातळ, पुन्हा मुरूम, असे थर लागले होते. माती आणि मुरूम म्हणजे त्याच कातळाची झीज; कातळाखाली पुन्हा मुरूम लागला म्हणजे तिथे बहुधा लाव्हाचा आधीचा पूर. फरक एवढाच की आपल्याकडचे उद्रेक केव्हाच थांबलेत.

आणि सरकारच्या भरवशाबद्दल. कोलंबियात १९८५ मध्ये नेवादो देल रुईस या ज्वालामुखीच्या धोक्याचा नकाशा महिनाभर आधी तयार होता, त्यात आर्मेरो शहर चिखलाच्या वाटेवर दाखवलेलं होतं. १३ नोव्हेंबरला दुपारी राख पडली, तेव्हा लोकांना घरातच शांत राहायला सांगितलं. रात्री नऊच्या सुमारास उद्रेक झाला, माथ्यावरचा बर्फ वितळला आणि सुमारे अडीच तासांनी चिखलाचा लोंढा शहरात शिरला. वीस हजारांहून जास्त माणसं गेली. त्या लोकांनी ऐकलं होतं.

उलट फिलिपिन्समध्ये १९९१ ला पिनातुबो ज्वालामुखीच्या उद्रेकाआधी हजारो लोकांना वेळेवर हलवलं आणि ते वाचले. म्हणजे हलवता येतं, तुमचा तो मुद्दा मला मान्य आहे. पण नुसतं उचलून नेऊन भागत नाही. मेरापीला लोक परत जाऊ नयेत म्हणून अखेर सरकारला त्यांची जनावरं विकत घेऊ असं जाहीर करावं लागलं.

लाव्हाचं वाक्य कालच दुरुस्त केलंय. लेखातला गाईंचा परिच्छेद मात्र तसाच ठेवते आहे.